थोरल्या बाई उभ्या होत्या तेव्हा

९ फेब्रुवारी, हँगर

बारक्या,

पत्र कशाला, म्हणून हसू नकोस. फोनवर आपण भावंडं तिसऱ्या वाक्याला भांडतो आणि चौथ्याला तू "ताई, मीटिंग आहे" म्हणून ठेवून देतोस. कंपनीच्या ई-मेलवर लिहावं तर ते साहेब आधी वाचतात आणि तू नंतर. पत्र मधेच ठेवून देता येत नाही, आणि ठेवलंस तरी ते तिथेच पडून राहतं. कॅप्टन रोज संध्याकाळी थोरल्या बाईंना घेऊन तुमच्याकडे मुक्कामाला येतातच. त्यांच्या बॅगेत हे पाकीट टाकते. उत्तर सकाळच्या फेरीने धाड.

तुझं दोन वर्षांचं वेळापत्रक इथे पोचलं. हेड ऑफिसात बसून कंपनीच्या तिन्ही विमानांची दुरुस्ती कधी करायची ते तू ठरवतोस, आणि इथे समुद्राकाठी आम्ही ती करतो. रंगीत छापलंयस, देखणं दिसतं. पण थोरल्या बाईंच्या ओळीशी माझं घोडं अडलं. तिन्ही विमानांत वयाने मोठ्या, म्हणून सगळे त्यांना थोरल्या बाई म्हणतात, आणि मोठ्यांची तब्येत आधी बघायची असते असं निदान आपल्या घरात तरी शिकवलं होतं. त्यांचं फ्लोअर उचलून खालचे बीम बघायची तपासणी या मार्चमध्ये होती. तू ती उचलून पुढल्या वर्षाच्या शेवटी नेऊन ठेवलीस. का?

विचारते त्याला कारण आहे. मागच्या टॉयलेटच्या बरोबर खाली, बाहेरच्या पत्र्यावर मी टॉर्च आडवी धरून बघितलं. समोरून उजेड पाडला तर पत्रा गुळगुळीत दिसतो. आडव्या उजेडात तो दोन रिव्हेटांच्या मधे फुगलेला दिसतो, टाके घातलेल्या गादीसारखा. रिव्हेटांच्या कडेला पांढरं पीठ होतं. लोखंड गंजलं की लाल होतं आणि आंधळ्यालाही कळतं. ॲल्युमिनियम पांढरं पीठ सोडतं आणि गप्प बसतं. आमचे हँगरप्रमुख म्हणाले, "पुसून टाका, लक्ष ठेवू." पुसलं. पुन्हा आलं.

बाहेर एवढं, तर आत काय असेल याची मला झोप येत नाही. तपासणी मार्चमध्ये परत आण. दुसरं काही मागत नाही.

तुझी,
ताई


१३ फेब्रुवारी, हेड ऑफिस

ताई, नमस्कार.

कॅप्टनांनी पाकीट देताना असं काही तोंड केलं की ऑफिसातल्या सगळ्यांना वाटलं मला या वयात कुणाचं तरी चोरून पत्र येतं. तुझी वहिनी हसून दमली. पोरं विचारताहेत, आत्या टपाल खात्यात कधी लागली.

आता तुझ्या प्रश्नाचं. तुला आठवत असेल, प्रवासी नव्हते तेव्हा तिन्ही विमानं आपण उभी करून ठेवली होती. थोरल्या बाई तर सगळ्यात जास्त काळ उभ्या होत्या, तुमच्याच समोरच्या मैदानात, इंजिनांना टोप्या घालून. उडाल्याच नाहीत तर झिजल्या कशा? तेवढा काळ मी वयातून वजा केला. सगळ्या तपासण्या आपोआप पुढे सरकल्या. इतक्या वर्षांत हे कुणाला सुचलं नव्हतं. साहेबांनी भर मीटिंगमध्ये माझी पाठ थोपटली, आणि तुला माहीत आहे, साहेब पाठ थोपटण्यातले नाहीत.

शिवाय दिवस बघ. मधलीची इंजिनं उतरवलेली आहेत. सुट्टीचा हंगाम तोंडावर आला आहे. मार्चमध्ये बाईंचं फ्लोअर उचलायचं म्हणजे सीटा काढा, किचन काढा, टॉयलेट काढा, आणि हंगाम संपेपर्यंत बाई तुमच्या हँगरमध्ये. एकट्या धाकटीच्या जिवावर आम्ही काय उडवायचं? साहेब उघड बोलत नाहीत, पण हा हंगाम बुडाला तर पहिला बंद होईल तो समुद्राकाठचा हँगर. तुझा.

आणि खरं सांगू? उघडलं की काहीतरी निघतंच. हे तूच मला शिकवलंस. विमान छान उडतंय. डागावर लक्ष ठेव, त्रास करून घेऊ नकोस.

तुझा,
बारक्या


१५ फेब्रुवारी, हँगर

बारक्या,

एकच विचारते. थोरल्या बाई उभ्या होत्या तेव्हा समुद्रही उभा होता का?

खारा वारा थांबला होता? टॉयलेटच्या कडेने वर्षानुवर्षं जे झिरपलं ते बाई उडत नाहीत म्हणून वाळून गेलं होतं? चाकं, इंजिनं, पंखांच्या मुळाशी पडणाऱ्या चिरा, यांचं वय उडण्यावर मोजतात. तिथे तू वजाबाकी केलीस ते बरोबर, तुझी पाठ मीही थोपटते. गंजाचं वय कॅलेंडरवर मोजतात. उडतं विमान निदान वारं खातं, वर जाऊन कोरडं होतं. उभं विमान ओलं राहतं. खालची पाणी जायची भोकं धुळीने बुजतात आणि ती बुजली हेसुद्धा कुणाला कळत नाही, कारण त्यात कुणी बसलेलंच नसतं. म्हणजे ज्या काळात बाई सगळ्यात जास्त सडल्या, नेमका तोच काळ तू त्यांच्या वयातून काढून टाकलास.

तू हे मुद्दाम केलं नाहीस, हे मला कळतं. सगळ्या ओळींना एका फटक्यात एकच वजाबाकी लावलीस आणि गंजाच्या ओळी त्यातच वाहून गेल्या. पण आता मी सांगितलं आहे. आता तू म्हणू शकत नाहीस की लक्षात आलं नाही.

हँगर बंद करायची भीती मला घालू नका. न बघता शिक्के मारायचे असतील तर हँगर कशाला हवा, साहेबांच्या केबिनमध्ये एक टेबल पुरे.

उत्तर दे. समुद्राचं उत्तर दे.

ताई


२६ फेब्रुवारी, हेड ऑफिस

ताई,

उशीर झाला. कामं होती.

तुझं पत्र मी दोनदा वाचलं आणि एक गोष्ट लक्षात आली. तुझा राग वेळापत्रकावर नाही, माझ्या खुर्चीवर आहे. ती खुर्ची तुला मिळायला हवी होती, हे सगळे म्हणतात, मीही म्हणतो. मिळाली नाही, कारण तू कुणाशी गोड बोलत नाहीस. त्यात माझा काय दोष? माझ्या प्रत्येक कामावर तू टॉर्च आडवी धरून बसलीस तर मी काम कसं करू?

तुझ्या हँगरप्रमुखांकडून साहेबांना कळलं, त्यांनी काल मला बोलावून सांगितलं, "तुमच्या ताईंना आवरा." मी म्हटलं, आवरतो. घरातलं भांडण साहेबांपुढे आणखी वाढावं असं मला वाटत नाही. हंगामाआधीची साधी तपासणी पंधरवड्यात आहे. दरवर्षीसारखी सही करून टाक. बाकीचं हंगाम संपल्यावर बघू, शब्द देतो.

तुझा विश्वास बसत नसेल तर हे ऐक. सुट्टीत तुझी वहिनी आणि दोन्ही पोरं तुझ्याकडे येताहेत. तिकिटं काढली. थोरल्या बाईंचीच. मला शंका असती तर काढली असती का?

समुद्राबद्दल भेटल्यावर बोलू.

बारक्या


२ मार्च, हँगर

बारक्या,

हे पाकीट मालवाहू ट्रकने येतंय. कॅप्टन येणार नाहीत, कारण थोरल्या बाई इथे उघड्या पडल्या आहेत. मी उघडल्या.

तुझं पत्र सकाळच्या फेरीने आलं. खुर्चीचा राग आहे. आहेच, लिहूनच टाकते, म्हणजे तुला पुन्हा शोधून काढायचे कष्ट नकोत. तू लहान, तुला सायकल मी शिकवली, गणित मी शिकवलं, आणि माझ्या आधी तू त्या खुर्चीत बसलास, याने माझा जळफळाट होतो. पण माझा जळफळाट झाला म्हणून पत्रा फुगत नाही, बाळा.

तिकिटांचं वाचलं आणि मी हातातला चहा तसाच ठेवून उठले. पोरं त्यात बसणार म्हणून उघडलं, असं समजू नकोस. ती नसती तरी आज ना उद्या उघडणार होते. तू आपली पोरं पुढे करून मला गप्प बसवायला निघालास, त्याने फक्त उद्याचं आज झालं.

बाईंच्या पुस्तकात डागाची नोंद केली आणि शिक्का मारला. आता ती नोंद कुणीतरी शिक्क्यानेच मिटवेपर्यंत बाई जागच्या हलणार नाहीत. हँगरप्रमुख धावत आले.

"बाई, वर्क ऑर्डर कुठाय?"

"नोंद झाली आहे. तपासायला उघडावंच लागणार."

"साहेबांना विचारलंत?"

"साहेबांना पत्र्याची माहिती कुठे असते? पत्र्यालाच विचारते."

आमची माणसं माझ्या तोंडाकडे बघत राहिली, मग एकेकाने स्क्रूड्रायव्हर उचलला. मी कुणाला हुकूम केला नव्हता. टॉयलेट निघालं, खालचं फ्लोअर निघालं. पहिला आडवा बीम वरून हिरवा, गंजरोधक रंगाचा, जसा असायला हवा तसा. मी त्याच्या कडेला प्लॅस्टिकच्या खरवडणीचं टोक नुसतं लावलं. रंगाखाली सगळं सुटलेलं होतं, एकावर एक पापुद्रे, भिजून वाळलेल्या वहीसारखे. शेजारचा तसाच. त्याच्या पुढचाही. ते बीम बाईंच्या शेवटच्या रांगांच्या सीटा धरून ठेवतात. खरं निघाल्याचा आनंद व्हायला हवा होता, पण झाला नाही.

साहेबांचा फोन आला. "घासा, रंग द्या, बंद करा, सोमवारपर्यंत सही करा. नाहीतर शिक्का जमा करा." मी म्हटलं, शिक्का माझ्या खिशात आहे, हवा असेल तर येऊन घ्या.

पाकिटात कापसात गुंडाळून एक पापुद्रा ठेवलाय. हत्यार लावावं लागलं नाही, बोटांनी सुटला. समुद्राचं उत्तर तू दिलं नाहीस, म्हणून ते मीच पाठवते आहे.

ताई


१२ मार्च, घर

बारक्या,

तुझं मौन पोचलं. घरच्या पत्त्यावर लिहिते आहे, कारण हँगरच्या फाटकावर माझा पास काढून घेतला. "चौकशी होईपर्यंत घरी बसा." बसले आहे. शिक्का दिला नाही. फाटकावरच्या माणसाने मागितला, मी नाही म्हटलं, त्याने पुन्हा मागितला नाही.

मला घरी बसवलं त्याच दिवशी भिंगवाले काका इथे उतरले. हेड ऑफिसातले सगळ्यात जुने तपासनीस, गळ्यात भिंग लटकवून फिरणारे. हातात आदेश, आणि आदेशाखाली तुझी सही. म्हणजे मी मिटवणार नाही म्हणून नोंद मिटवायला दुसरा शिक्का धाडलास. शाबास. मी तुला ओळखलं नव्हतं.

काही कागद घ्यायला घरी आले होते. मी दारातच उभी राहिले. त्यांना आत या म्हटलं नाही, पाणीसुद्धा विचारलं नाही. म्हटलं, "सही करायची तर करा, फक्त आधी शेवटच्या रांगेत बसून या." काका भिंगाशी चाळा करत उभे राहिले आणि निघून गेले.

तुझे फोन येतात ते मी कापते. आता समजावणी नको. पोरांची तिकिटं तेवढी रद्द कर. बाकी मला तुझ्याकडून काही नको आहे.

ताई


१२ मार्च, स्टोअर्स

ताई,

फोन उचलत नाहीस. म्हणून मीही ट्रकच्या भरवशावर बसलोय.

तुझं पाकीट मी जेवणाच्या टेबलावर फोडलं. कापूस उलगडला तर तुझ्या वहिनीने विचारलं, हे काय. मी सांगितलं. तिने पोरांच्या ताटांकडे बघितलं आणि मग माझ्याकडे. मग कापूस पुन्हा गुंडाळून माझ्यापुढे सरकवला.

समुद्र उभा नव्हता, ताई. तुझं ते वाक्य वाचलं त्याच दिवशी मला कळलं होतं. मी वजाबाकी परत करून बघितली नाही, कारण केली तर काय निघेल ते दिसत होतं. उघडलं की काहीतरी निघतंच.

या खेपेला केली. आणि फक्त बाईंची नाही. मधली आणि धाकटी त्याच मैदानात, त्याच वाऱ्यात उभ्या होत्या. गंजाच्या सगळ्या ओळींचं कॅलेंडर मी जसंच्या तसं परत घातलं. तिघींच्याही मुदती मागे आल्या. मधली आत आहेच, तिचंही फ्लोअर उचलायला सांगितलं. धाकटी महिनाअखेर हँगरमध्ये. हंगाम गेला. नवं वेळापत्रक आणि तुझा पापुद्रा, दोन्ही मीटिंगच्या टेबलावर ठेवले.

साहेब म्हणाले, "एवढ्याशा कपच्यासाठी कंपनी खाली बसवणार?"

मी म्हटलं, "कपचा मोठा असता तर तो इथे टेबलावर नसता, शेतात कुठेतरी शोधावा लागला असता."

"वेळापत्रक मागे घ्या."

"नाही घेत."

ताई, मला वाटलं होतं माझा आवाज कापेल. नाही कापला. तू असंच बोलतेस ना नेहमी? मला आजवर वाटायचं तुला भांडायची हौस आहे. भांडून घरी आल्यावर झोप येत नाही हे कुणी सांगितलं नव्हतं.

खुर्ची जायच्या आधी एक सही माझ्या हातात होती, ती करून घेतली. भिंगवाले काकांना तुझ्याकडे धाडलं. साहेबांना वाटलं, म्हातारा माणूस, चष्मा घरी विसरतो, जाईल आणि नोंद मिटवून येईल. मी त्यांना ते तसंच वाटू दिलं. काकांनी उभ्या जन्मात दुसऱ्याच्या शब्दावर शिक्का मारलेला नाही, आणि त्यांनी 'नाही' लिहिलं की ते पुसायची छाती इथे कुणात नाही. तू एकटी म्हणालीस तर ते ताईंचं भांडण ठरतं. तुझ्या नोंदीखाली त्यांचा शिक्का आला की मग बोला म्हणावं. त्यांना नीट विचार, चहा दे. दोन चमचे साखर लागते, आणि आधी बोलायची सवय नाही, तूच सुरुवात कर.

आता मी सुट्या भागांच्या स्टोअर्समध्ये बसतो. खुर्ची लाकडी आहे, एक पाय आखूड. बघ, आता तरी राग जातो का.

तिकिटं मी रद्द केली नाहीत. तारीख तेवढी काढून टाकली. बाईंच्या शेवटच्या रांगेची आहेत. तू हो म्हणशील तेव्हा तारीख घालू.

बारक्या


४ मे, हँगर

बारक्या,

मार्चमध्ये तुझं पत्र हातात पडलं तेव्हा मी चपला घालून निघाले, ती थेट भिंगवाले काकांच्या मुक्कामी. थर्मासमध्ये चहा, दोन चमचे साखर. त्यांनी एक घोट घेतला आणि म्हणाले, "दारात पाणी मिळालं असतं तर मी हे तेव्हाच सांगितलं असतं. तीन बीम बाद आहेत, चौथा संशयाचा आहे." मी त्यांची माफी मागितली. साहेबांची मागणार नाही, पण काकांची मागितली.

चौथाही बादच निघाला. काकांनी पुस्तकात 'नाही' लिहिलं आणि फाटकावर आपल्या सहीने मला आत घेतलं. नवे आले, बसले. बीमांच्या पेट्यांवर स्टोअर्सचा शिक्का आणि खाली तुझी सही होती. अक्षर अजून तसंच, बेडूकउड्यांचं. बुजलेली भोकं मोकळी केली, खालचा फुगलेला पत्रा बदलला. शेवटी बाईंच्या पुस्तकात काकांनी शिक्का मारला आणि पेन माझ्यापुढे धरलं. "मला घरी बसवलंय," मी म्हटलं. ते म्हणाले, "काम कुणी सुरू केलं ते बाईंना कळायला नको? लिहा." मी लिहिलं. हँगरप्रमुखांनी तोंड फिरवलं, पण अडवलं नाही. आणि हँगर बंद व्हायची भाषा आता कुणी करत नाही. मधलीच्या पोटातही असेच बीम निघाले ते तू ऐकलंच असशील.

चौकशी सहा तारखेला, हेड ऑफिसात. साहेबांचा निरोप आहे, "परवानगी न घेता उघडलं, चूक झाली, एवढं लिहून द्या, प्रकरण मिटवतो." मिटवायला ते माझं भांडण नाही. लिहून देणार नाही. नोकरी गेली तर जाईल, आणि जाईल म्हणून मला भीती वाटते, हेही तुला सांगते, साहेबांना सांगणार नाही. पण त्या कागदावर माझी सही होणार नाही. उद्या दुसऱ्या कुणी फुगवटा बघितला आणि माझा माफीनामा आठवून टॉर्च खाली ठेवली, तर चार नवे बीम बसवून मी काय मिळवलं?

मी थोरल्या बाईंनीच येते आहे, त्यांच्या पहिल्या फेरीने. सीट शेवटच्या रांगेतली, टॉयलेटला लागून. कॅप्टनांनी पुढची देऊ केली, मी म्हटलं मला माझ्या बीमवर बसायचं आहे. वहिनीला सांग, उतरल्यावर मी तारीख सांगेन, मग पोरांच्या तिकिटांवर घाल.

हे पत्र कॅप्टनांच्या बॅगेत टाकलेलं नाही. माझ्या पर्समध्ये आहे. विमानतळावर तुझ्या हातात देईन आणि तू वाचून होईपर्यंत समोर उभी राहीन. भांडायचं असेल तर तिसऱ्या वाक्यापर्यंत थांब. आणि चौकशीला माझ्याबरोबर आत चल, येताना ती आखूड पायाची खुर्ची घेऊन ये. साहेबांनी बसा म्हटलं नाही तरी आपण बसू.

ताई